खेळाडू चित्रकार अर्नी बार्न्स आणि आपल्या मुलांच्या वह्या

(संस्थेच्या पालक-विद्यार्थी मेळाव्यात केलेले भाषण)



'अभ्यास आणि छंद' हा विषय मला देण्यात आला तेव्हा मी प्रथम जरा संकोचलो. या विषयावर आम्ही शिक्षक मंडळी जे बोलतो ते आपणा सर्वांना आता पाठ झाले आहे. छंद असावा, पण तो अभ्यासाच्या आड येऊ नये, असे सांगायचे, टाळ्या घ्यायच्या आणि खाली बसायचे. मग घरी पालक मुलाच्या हातातली बॅट काढून घेतात आणि शाळेत आम्ही वहीतली चित्रे पाहून त्याचा कान धरतो. म्हणून आज उपदेश बाजूला ठेवून मी आपल्याला एका माणसाची हकीकत सांगणार आहे, आणि तिच्या ओघात माझी स्वतःची एक चूकही कबूल करणार आहे.

२०२२ सालच्या मे महिन्यात न्यूयॉर्क शहरात ख्रिस्तीज या लिलावगृहात एका चित्राचा लिलाव झाला. चित्राचे नाव 'द शुगर शॅक'. ते १९७६ साली रंगविलेले होते. एका साध्या दालनात गरीब, कष्टकरी निग्रो स्त्री-पुरुष दिवसभराचा शीण विसरून नाचत आहेत, एवढाच त्याचा विषय. जाणकारांचा अंदाज होता की फार तर दोन लाख डॉलर येतील. प्रत्यक्षात बोली चढत चढत १ कोटी ५२ लाख डॉलरांच्या वर गेली. आपल्या पैशात ही रक्कम शंभर कोटी रुपयांहून अधिक होते.

रक्कम ऐकून काही पालकांनी कान टवकारलेले मला दिसतात. पण मी ही हकीकत पैशासाठी सांगत नाही. त्यातला एक पैसाही चित्रकाराच्या हाती पडला नाही, कारण तो २००९ सालीच वारला होता. मला थांबविले ते त्याच्याविषयीच्या माहितीने. हा चित्रकार पूर्वी धंदेवाईक फुटबॉल खेळाडू होता. आणि त्याहीपूर्वी, शाळेत असताना, इतर मुलांच्या भीतीने कोपऱ्यात लपून वहीत चित्रे काढणारा एक मुलगा होता. हे वाचले आणि मला माझ्या कपाटातली एक वही आठवली. त्या वहीकडे मी नंतर येईन. आधी त्या मुलाची गोष्ट ऐका.

त्याचे नाव अर्नी बार्न्स. अमेरिकेच्या दक्षिण भागात नॉर्थ कॅरोलिना नावाचे राज्य आहे. तेथील डरहॅम या शहरात १५ जुलै १९३८ रोजी त्याचा जन्म झाला. डरहॅम हे तंबाखूच्या कारखान्यांचे गाव. अर्नीचे वडील अशाच एका तंबाखू कंपनीत माल रवाना करण्याच्या खात्यात कारकून होते. आई एका नामांकित गोऱ्या वकिलाच्या घरची व्यवस्था पाहत असे. कुटुंब काळ्या लोकांच्या वस्तीत राहत होते.

विद्यार्थी मित्रांनो, तो काळ तुम्ही समजून घ्यायला हवा. अमेरिकेत गुलामगिरी १८६५ साली कायद्याने संपली. पण दक्षिणेतल्या राज्यांनी दुसरे कायदे करून काळ्या माणसांना वेगळे पाडले. त्यांच्या शाळा वेगळ्या, बसमधील जागा वेगळ्या, पाणी पिण्याचे नळसुद्धा वेगळे. शाळांतील ही विभागणी घटनेविरुद्ध आहे, असा निकाल तेथील सर्वोच्च न्यायालयाने १९५४ साली दिला, आणि सार्वजनिक ठिकाणचा भेदभाव बेकायदा ठरविणारा नागरी हक्कांचा कायदा १९६४ साली झाला. म्हणजे अर्नीचे सारे शालेय आणि महाविद्यालयीन आयुष्य या वेगळेपणाच्या सावलीत गेले.

अर्नी लहान असताना आई त्याला कधीकधी कामावर बरोबर नेत असे. वकीलसाहेबांच्या घरी चित्रकलेची मोठमोठी पुस्तके होती. मालक सुस्वभावी होते, ते मुलाला पुस्तके चाळू देत. त्यामुळे पहिलीत जाण्यापूर्वीच या मुलाने मायकेल अँजेलो, रुबेन्स, देलाक्रवा अशा युरोपातील थोर चित्रकारांची चित्रे पुस्तकांतून पाहिली होती. ज्या संग्रहालयांची दारे त्याच्या लोकांना बंद होती, त्यांतील चित्रे अशी मागच्या दाराने त्याच्यापर्यंत पोहोचली. आई काही चित्रकलेची जाणकार नव्हती. परंतु मुलगा कशाकडे टक लावून पाहतो हे तिला दिसले आणि तिने त्याला ते पाहू दिले, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

शाळेत मात्र अर्नीचे हाल होते. तो अंगाने लठ्ठ, लाजराबुजरा, खेळात कच्चा. मुले त्याला चिडवीत, मारीत. मधल्या सुट्टीत तो एखादा निवांत कोपरा गाठून वहीत चित्रे काढीत बसे. एके दिवशी असाच लपून बसला असताना टॉमी टकर नावाच्या शिक्षकांनी त्याला पाहिले. आता हे टकर गुरुजी कोण? ते चित्रकला शिकवीत नव्हते. ते मुलांना गवंडीकाम शिकवीत आणि वजने उचलण्याची तालीम देत. विटा, चुना आणि लोखंड यांच्यात वावरणारा माणूस! अशा शिक्षकाच्या हाती ती वही लागली तर काय होईल, असे आपल्याला वाटते? 'काय रेघोट्या ओढतोस, जा वर्गात,' एवढेच ना?

टकर गुरुजींनी वही पाहिली. चित्रे त्यांना आवडली. मग त्यांनी त्या मुलाला त्याच्या गुणांविषयी विचारले, पुढे काय व्हायचे आहे ते विचारले. व्यायामाने आपल्या स्वतःच्या शरीरात आणि मनात कसा पालट झाला ते सांगितले आणि त्याला व्यायामाला लावले. चित्रे सोडून दे, असे ते म्हणाले नाहीत. त्या दिवसापासून मुलाच्या हाती दोन गोष्टी आल्या. पेन्सिल होतीच, तिच्या जोडीला लोखंडी वजने आली. शाळेच्या शेवटच्या वर्षी तोच लठ्ठ, लपून बसणारा मुलगा हिलसाइड हायस्कूलच्या फुटबॉल संघाचा कप्तान झाला आणि गोळाफेकीत राज्यात पहिला आला. १९५६ साली तो शाळेतून बाहेर पडला तेव्हा खेळाच्या जोरावर त्याला सव्वीस शिष्यवृत्त्या देऊ करण्यात आल्या होत्या.

त्याच्या घराजवळच दोन नावाजलेली विद्यापीठे होती. त्यांची दारे त्याच्या वर्णामुळे बंद होती. म्हणून तो गावातल्याच, काळ्या विद्यार्थ्यांसाठी असलेल्या नॉर्थ कॅरोलिना कॉलेजात गेला. शिष्यवृत्ती खेळाची आणि विषय चित्रकला. येथे त्याला एड विल्सन नावाचे कला शिकविणारे प्राध्यापक भेटले. ते स्वतः शिल्पकार होते. त्यांनी त्याला सांगितले की खेळताना आपल्या अंगात काय होते तिकडे लक्ष दे. कोणता स्नायू ताणला जातो, कोठे भार येतो, धडक बसते तेव्हा पाठीचे काय होते, हे ध्यानात ठेव. मैदान हीच तुझी चित्रशाळा आहे, असा त्या सांगण्याचा अर्थ. मी बी.एड.ला शिक्षणशास्त्राची बरीच पुस्तके वाचली. पण एका विद्यार्थ्याच्या दोन आवडी एकमेकींशी अशा जोडून देणारे शिक्षक मला त्या पुस्तकांत कोठे भेटले नाहीत.

याच काळातला एक प्रसंग सांगतो. कॉलेजातील कलेच्या विद्यार्थ्यांची सहल राज्याच्या कला संग्रहालयात गेली. ते संग्रहालय काळ्या लोकांना नुकतेच खुले झाले होते. अठरा वर्षांच्या अर्नीने तेथील मार्गदर्शकाला विचारले की निग्रो चित्रकारांची चित्रे कोणत्या दालनात आहेत? उत्तर मिळाले ते असे, की तुमचे लोक अशा तऱ्हेने स्वतःला व्यक्त करीत नाहीत.

'तुमचे लोक!' मित्रांनो, हे दोन शब्द आपल्यापैकी पुष्कळांनी कधी ना कधी ऐकले असतील. तुमच्या लोकांत शिक्षणाची आवड नसते, तुमचे लोक मुलींना पुढे शिकू देत नाहीत, तुमच्या मुलांनी गॅरेज आणि हातगाडी सांभाळावी. असे ऐकले की रक्त तापते. अर्नीचेही तापले असेल. पण त्याने उत्तर दिले ते रंगांनी दिले, आणि त्याला वीसहून अधिक वर्षे लागली. त्याच संग्रहालयात पुढे त्याच्या एकट्याच्या चित्रांचे प्रदर्शन भरले आणि राज्याचे गव्हर्नर स्वतः त्याला हजर राहिले. याहून मोठे उत्तर कोणते असू शकते?

परंतु मधली वीस वर्षे सोपी गेली नाहीत. १९५९ च्या डिसेंबरात धंदेवाईक फुटबॉल संघांनी नव्या खेळाडूंची निवड केली. वॉशिंग्टनच्या संघाने बार्न्सचे नाव घेतले. तो काळा आहे असे समजताच काही मिनिटांत निवड मागे घेतली. मग बाल्टिमोरच्या संघाने त्याला घेतले. तेथेही अंतिम यादीतून तो गळला. न्यूयॉर्क, सॅन दिएगो, डेन्व्हर असे संघ बदलत १९६४ पर्यंत तो खेळला.

हा अमेरिकन फुटबॉल म्हणजे आपण पायाने खेळतो तो फुटबॉल नव्हे. लंबगोल चेंडू हातात घेऊन पळायचे, अंगावर जाड गाद्यांचे कवच, डोक्यावर शिरस्त्राण, आणि समोरच्या गड्यावर सरळ धडक. बार्न्स खेळे आघाडीच्या फळीत. या फळीतल्या गड्यांच्या हाती चेंडू जवळजवळ येतच नाही. त्यांनी धडका खायच्या, वाट मोकळी करून द्यायची, आणि मागून चेंडू घेऊन पळणाऱ्याच्या नावाने टाळ्या वाजायच्या. इमारत लोकांना दिसते, तिच्या पायात विटा रचणारा दिसत नाही, तशातला हा प्रकार. न्यूयॉर्कच्या संघात असताना १९६० साली त्याचा एक सहकारी खेळाडू सामन्यात झालेल्या दुखापतीने मरण पावला, तेव्हा तो संघ त्याने सोडला. ज्या खेळाने त्याला भाकरी दिली त्याची क्रूरताही त्याने जवळून पाहिली होती, आणि ती त्याने चित्रांत लपविली नाही. त्याच्या चित्रातले खेळाडू देखणे आहेत, पण त्यांचे दात आवळलेले आहेत, मनगटे वळलेली आहेत, पाठी वाकलेल्या आहेत.

खेळत असताना त्याची पेन्सिल थांबली नव्हती. डावपेचांच्या बैठकीत चित्रे काढल्याबद्दल प्रशिक्षकांनी त्याला दंड केला. सोबत्यांनी त्याला थोर चित्रकार रेम्ब्रांट याच्या नावावरून 'बिग रेम्ब्रांट' असे टोपणनाव ठेवले होते. १९५९ साली काढलेले त्याचे 'द बेंच' नावाचे एक चित्र आहे. खेळाडू बाकावर बसून मैदानाकडे पाहत आहेत, आपली पाळी येण्याची वाट पाहत आहेत. हे चित्र त्याने अखेरपर्यंत स्वतःजवळ ठेवले. त्याच्या मृत्यूनंतर, २०१४ साली, त्याच्या पत्नीने ते अमेरिकन फुटबॉलच्या राष्ट्रीय स्मृतिसंग्रहालयाला दिले. आम्हा शिक्षकांनाही बाक ठाऊक आहे, शेवटचा बाक. त्यावर बसलेल्या मुलांकडे मात्र आम्ही फारसे निरखून पाहत नाही.

१९६५ साली पायाचे हाड मोडले आणि खेळ संपला. तेव्हा बार्न्स सत्तावीस वर्षांचा होता. आता पुढे काय? त्याने फुटबॉल संघांच्या मालकांची बैठक गाठली आणि मला तुमचा चित्रकार म्हणून नेमा, असा प्रस्ताव मांडला. न्यूयॉर्क जेट्स संघाचे मालक सॉनी वर्बलिन यांनी त्याची चित्रे कलासमीक्षकांकडून तपासून घेतली, आणि खात्री पटल्यावर त्याला पगार सुरू केला. काम एकच : खेळायचे नाही, चित्रे काढायची. १९६६ च्या नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल आर्ट गॅलरीजमध्ये त्याचे पहिले मोठे प्रदर्शन भरले आणि सगळी चित्रे विकली गेली.

त्या प्रदर्शनातल्या चौकटींची गोष्ट पालकांनी, विशेषतः वडील मंडळींनी, जरूर ऐकावी. प्रदर्शनाला काही आठवडे उरले असताना बार्न्सचे वडील पक्षाघाताने रुग्णालयात होते. मुलगा डरहॅमच्या घरी आला. घराभोवती वडिलांनी वर्षानुवर्षे निगुतीने राखलेले पांढरे लाकडी कुंपण होते. त्यांच्या आजारपणात त्याची डागडुजी राहिली होती. रंग उडालेला, फळ्या जुनाट झालेल्या. काही दिवसांनी वडील वारले. मुलाने आपले एक चित्र सहज त्या कुंपणाला टेकवून ठेवले, मागे सरून पाहिले, आणि त्याला ते लाकूड आणि ते चित्र एकमेकांसाठीच असल्यासारखे वाटले. मग त्याने आपल्या चित्रांना गुळगुळीत सोनेरी चौकटी न बसविता तशाच जुन्या, उन्हापावसाने झिजलेल्या लाकडाच्या चौकटी केल्या. न्यूयॉर्कच्या त्या श्रीमंती दालनात एका कारकुनाचे कुंपण सगळ्या चित्रांना कवेत घेऊन उभे होते.

वडिलांचे शिक्षण बेताचे होते आणि त्यांना चित्रकलेतले काही कळत नव्हते, हे बार्न्सने स्वतः लिहून ठेवले आहे. पण त्यांचे कष्ट हाच आपल्याला मिळालेला वारसा, आणि तो भरपूर होता, असेही तो सांगतो. आपल्यातले पुष्कळ पालक मला भेटतात तेव्हा म्हणतात, "सर, आम्ही काय अडाणी माणसे, आम्हाला त्यातले काय कळते? तुम्हीच बघा." त्यांना मला आज सांगायचे आहे की आईला चित्रकला येत नव्हती, वडिलांना येत नव्हती, गवंडीकाम शिकविणाऱ्या गुरुजींनाही येत नव्हती. चित्रकला येणारे प्राध्यापक आले ते सर्वांत शेवटी. आधीच्या तिघांनी आपापल्या जागी आपले काम केले नसते तर तो मुलगा त्यांच्यापर्यंत पोहोचलाच नसता.

आता त्याच्या चित्रांविषयी थोडे. बार्न्सची माणसे आहेत त्याहून लांब दिसतात. हात लांब, माना लांब, अंगाला नागमोडी वळणे. चित्रातला खेळाडू उडी मारतो तेव्हा ती उडी आपल्याला आपल्या पोटरीत जाणवते. लहानपणी पुस्तकांत पाहिलेले इटालियन चित्रकार आणि स्वतःच्या अंगाने अनुभवलेले मैदान, या दोन्हींचा तो मेळ आहे. त्याने मुष्टियोद्धे रंगविले, बास्केटबॉल खेळणारी गल्लीतली पोरे रंगविली, आणि तेवढ्याच आदराने साधी माणसेही रंगविली. १९७२ साली त्याने पदवी घेऊन झोकात निघालेल्या एका काळ्या तरुणाचे चित्र काढले. पदवीच्या झग्यातला तो तरुण असा चालतो आहे की त्याच्याबरोबर सगळी गल्ली चालते आहे असे वाटावे.

दुसरी एक गोष्ट कोणाच्याही लक्षात येते. त्याच्या चित्रांतल्या बहुतेक माणसांचे डोळे मिटलेले असतात. याचे कारण त्याने सांगितले होते. आपण एकमेकांच्या माणुसकीकडे डोळे मिटून वावरतो. समोरच्या माणसाचे गुण, त्याची खोली आपण पाहतच नाही. म्हणून ही माणसे डोळे मिटलेली.

आणि साध्या माणसांकडे तो कसा वळला? १९७१ साली तो लॉस एंजेलिस शहरात एका ज्यू वस्तीत राहायला गेला. शेजाऱ्यांचे सण, चालीरीती, जुनी माणसे यांची त्यांच्याकडे नोंद होती, त्यांना त्याचे मोल होते. त्याच्या ध्यानात आले की आपल्या लोकांच्या जगण्याची अशी नोंदच कोणी केलेली नाही, कारण त्यालाही काही किंमत आहे हे आपल्यालाच कधी वाटले नाही. मग त्याने 'द ब्यूटी ऑफ द घेटो', म्हणजे गरीब वस्तीचे सौंदर्य, या नावाने पस्तीस चित्रांचे प्रदर्शन तयार केले आणि १९७२ ते १९७९ पर्यंत ते अमेरिकेच्या निरनिराळ्या शहरांत नेले. पुढे १९८४ साली लॉस एंजेलिसला ऑलिम्पिक सामने झाले, तेव्हा त्यांचा अधिकृत क्रीडाचित्रकार म्हणून त्याचीच नेमणूक झाली.

आता ती वही.

काही वर्षांपूर्वी मी नववीच्या एका वर्गाचा वर्गशिक्षक होतो. मराठीचा तास चालू होता. शेवटच्या बाकावरचा एक मुलगा मान खाली घालून काहीतरी करीत होता. मी जवळ गेलो आणि वही ओढून घेतली. पुढची पाने मराठीची, शुद्धलेखनाच्या चुकांनी भरलेली. मागची सगळी पाने चित्रांची. जेटीवर बर्फ फोडणारी माणसे, डोक्यावर टोपल्या घेतलेल्या बायका, जाळे ओढणारे खलाशी, आणि खाडीकाठच्या पटांगणातला टेनिस बॉल क्रिकेटचा सामना. मी काय केले? वही उंच धरून वर्गाला दाखविली आणि म्हणालो, "पाहा, आपले नवे चित्रकार!" वर्ग हसला. मीही हसलो. वही माझ्या कपाटात गेली. "वडिलांना घेऊन ये, मग मिळेल," असे मी बजावले. वडील मच्छीमार बोटीवर खलाशी; ते आले नाहीत. दिवाळीच्या सुट्टीनंतर मुलगाही आला नाही.

त्या वहीमुळेच त्याने शाळा सोडली, असे मी म्हणत नाही. घरची ओढाताण होती, हे मला नंतर समजले. पण त्याच्या घरी जाऊन कोणी विचारले नाही, आणि विचारण्याचे काम माझे होते. हजेरीपटावर महिनाभर गैरहजेरी मांडली आणि मग नाव कमी केले. एका गवंडीकाम शिकविणाऱ्या माणसाने लपलेल्या मुलाला जे चार प्रश्न विचारले, ते मला, बी.ए., बी.एड. झालेल्याला, सुचले नाहीत. बातमी वाचली त्या दिवशी मी कपाट उघडले. वही तेथेच होती. पाने पिवळी पडली होती, पण चित्रे जशीच्या तशी. या वेळी मी ती नीट पाहिली. बर्फ फोडणाऱ्या माणसाची पाठ त्याने अशी काढली होती की हातोड्याचा भार तिच्यात दिसत होता.

मी त्याला शोधत जेटीवर गेलो. आता तो चांगला दांडगा तरुण झाला आहे, बोटीवरच काम करतो. मी वही पुढे केली आणि माफी मागितली. तो अवघडला. ओले हात शर्टाला पुसून त्याने पाने चाळली, थोडा हसला आणि म्हणाला, "सर, ही अजून ठेवलीत तुम्ही?" नंतर वही मला परत देत म्हणाला, "धाकटा भाऊ आहे तुमच्या शाळेत. त्यालाही नाद आहे. त्याला द्या ही." मी निघालो तेव्हा मागून हाक आली, "सर, त्याची मात्र काढून घेऊ नका."

पालकहो, हे सांगताना मला लाज वाटते. पण सांगितले नसते तर अर्नी बार्न्सची गोष्ट आपल्यापुढे मांडण्याचा मला हक्क उरला नसता. प्रत्येक चित्रे काढणारा मुलगा बार्न्स होणार नाही. प्रत्येक चेंडू फेकणारा मुलगाही संघात जाणार नाही. अभ्यास करावाच लागेल. बार्न्सने कॉलेजात चित्रकलेचा अभ्यास केला आणि पुढे १९९० साली त्याच कॉलेजने, जे तोवर विद्यापीठ झाले होते, त्याला सन्माननीय डॉक्टरेट दिली. माझे मागणे फार थोडे आहे. आज घरी गेल्यावर मुलाच्या किंवा मुलीच्या वहीची मागची पाने उघडून पाहा. तेथे काही असेल तर फाडू नका. 'हे काय आहे?' असे एकदा, न रागावता, विचारा. सरकारच्या एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट या रेखाकला परीक्षा दरवर्षी होतात, फी माफक असते, आणि इंटरमीजिएटच्या श्रेणीचे वाढीव गुण दहावीला मिळू शकतात. खेळाचेही तसेच आहे. आमच्याकडे येऊन चौकशी करा. आम्ही शिक्षक टाळाटाळ करू लागलो तर हे भाषण आमच्या तोंडावर फेका.

आणि विद्यार्थी मित्रांनो, तुम्हाला एवढेच सांगतो. आपल्या जेटी, आपली दुकाने, शिवणयंत्रावर वाकलेल्या आपल्या आया, परदेशातून दोन वर्षांनी घरी येणारे आपले वडील, हे सारे रंगविण्याजोगे आहे. कोणी 'तुमचे लोक' म्हणाले तर भांडत बसू नका. लिहा, खेळा, चित्रे काढा, आणि ते नीट करा. बार्न्सची राख, त्याच्या इच्छेप्रमाणे, डरहॅमला त्याचे बालपणीचे घर जेथे होते त्या जागेजवळही विखुरण्यात आली. जगभर नाव झाल्यावर तो माणूस परतला तो त्याच कुंपणापाशी.

ती वही मी धाकट्याच्या हाती दिली आहे. तो यंदा आठवीत आहे आणि त्याने एलिमेंटरीचा फॉर्म भरला आहे. त्याच्या मराठीच्या वहीची मागची पानेही भरत आली आहेत. पुढच्या पानांतले शुद्धलेखन अजून सुधारायचे आहे; ते मी पाहीन.